लग्नाचे आमंत्रण आणि दुरावलेला नातलग

ईस्टरचा सण आटोपला, की आपल्या धर्मग्रामांतून लग्नांची लगबग सुरू होते. बाप्तिस्म्याचे दाखले मागविले जातात, विवाहपूर्व मार्गदर्शन शिबिराची तारीख ठरते, चर्चमध्ये विवाहघोषणा वाचल्या जातात. कार्यालयातील कागदपत्रे पूर्ण झाली, की मी वधूवरांना एक साधा प्रश्न विचारतो, ‘‘घरी सगळे आनंदात आहेत ना?’’ बहुतेक जोडपी हसून मान डोलावतात. क्वचित एखादी मुलगी वा मुलगा खाली पाहू लागतो, आणि मग कोणत्याही अर्जात ज्याला रकाना नाही अशी गोष्ट बाहेर पडते. ‘‘फादर, काकांना बोलवायचे की नाही, यावरून आमच्या घरात महिनाभर कुणी कुणाशी नीट बोललेले नाही.’’

काका असतील, मामा असतील, आत्या असेल, कधी सख्खा भाऊ, कधी जन्मदाता पिताही असेल. हॉल, मेनू, बॅन्ड, फोटोग्राफर या सर्वांचा निर्णय पैशाने होतो. हा एक निर्णय मात्र पैशाने सुटत नाही. दिवंगत पोप फ्रान्सिस यांनी २०१६ साली प्रसिद्ध केलेल्या ‘आमोरिस लेतित्सिया’ या कुटुंबविषयक पत्रात लग्नाच्या तयारीबद्दल एक खंत व्यक्त केली आहे. पत्रिका, कपडे आणि मेजवानी यांच्या धावपळीत वधूवरांचा पैसाच नव्हे, तर उत्साह आणि आनंदही आटून जातो, असे त्यांचे म्हणणे. एका नावावरून महिनाभर धुमसणाऱ्या घरांना हे वेगळे सांगावयास नको. म्हणून या विषयाचा थोडा शांतपणे विचार करू या.

ख्रिस्तसभा नेमके काय मागते?

प्रथम काही गैरसमज दूर करणे आवश्यक आहे. पोप दुसरे जॉन पॉल यांनी १९८३ साली जाहीर केलेल्या ख्रिस्तसभेच्या कायदेपुस्तकानुसार विवाह सिद्ध होतो तो वधू आणि वर यांच्या मुक्त संमतीने. ती संमती अधिकारप्राप्त धर्मगुरू आणि दोन साक्षीदार यांच्यासमोर दिली जाते. सज्ञान वधूवरांच्या विवाहाची वैधता कोणा नातलगाच्या उपस्थितीवर किंवा अनुमतीवर अवलंबून नसते. पालकांच्या मताचा आदर करावा हे खरेच. परंतु वडील आले नाहीत म्हणून संस्कार अपुरा राहिला, असे कधीही होत नाही.

वधूला वडिलांनीच हात धरून वेदीपर्यंत आणले पाहिजे, अशीही पुष्कळांची समजूत आहे. तो एक सुंदर प्रघात आहे. विवाहविधीची अट नव्हे. वधूवरांनी दोघांनी मिळून, आईवडील व साक्षीदार यांच्यासमवेत प्रवेश करावा, अशी मोकळीक विधीतच आहे. ज्या मुलीचे वडील घर सोडून गेले आहेत, तिने ‘मला कोण घेऊन येणार?’ या चिंतेत रात्री जागविण्याचे कारण नाही. ती आईबरोबर येऊ शकते. ती आपल्या होणाऱ्या पतीबरोबरही येऊ शकते.

दुसरी गोष्ट चर्चच्या दाराची. याच कायदेपुस्तकात म्हटले आहे, की उपासनेच्या वेळी चर्चमधील प्रवेश सर्वांस मुक्त आणि विनामूल्य असावा. लग्नाची मिस्सा ही खासगी मैफल नव्हे. त्यामुळे ‘फादर, त्यांना चर्चमध्ये येऊ देऊ नका’ ही विनंती धर्मगुरूला सहसा मान्य करता येत नाही. उपासनेत कोणी व्यत्यय आणणार असेल किंवा कोणाच्या सुरक्षिततेचा प्रश्न असेल, तर गोष्ट वेगळी. तेव्हा तो आधीच सांगावा, म्हणजे योग्य ती व्यवस्था करता येते. हॉलमधील स्वागतसमारंभ मात्र यजमानांचा असतो. तेथे कोणाला पाचारण करावे, हे ठरविण्याचा त्यांना पूर्ण अधिकार आहे. चर्च आणि हॉल यांतील हा फरक लक्षात घेतला, की अनेक घरांचा अर्धा पेच तेथेच सुटतो.

‘कठीण’ कोण, आणि कोणासाठी?

‘कठीण नातलग’ या एकाच नावाखाली आपण फार वेगवेगळी माणसे घालतो. मानपानावरून रुसणारे एक. दारू प्यायली की जुनी उणीदुणी काढणारे दुसरे. मुलीने परधर्मीय वर निवडला म्हणून बोलणे टाकलेले तिसरे. आणि ज्यांनी खरोखर कोणाचे शरीर वा मन जखमी केले आहे, असे चौथे. या चौघांना एकच नियम लावणे अन्यायाचे होईल.

वसईसारख्या भागात पाचवा प्रकारही आहे, आणि तो सर्वांत अधिक आढळतो. तो म्हणजे भाऊबंदकी. एकेकाळी वाडीची, विहिरीची, बांधाची भांडणे होती. जमिनीचे भाव वाढले तशी ती कोर्टाच्या पायऱ्या चढली. ख्रिस्ती कुटुंबांना वारसाहक्काबाबत भारतीय उत्तराधिकार अधिनियम, १९२५ लागू होतो. मृत्युपत्र केलेले नसेल, तर मृताच्या पत्नीला एक तृतीयांश आणि उरलेला हिस्सा मुलांना समान, असा त्याचा सर्वसाधारण नियम आहे. त्यात मुलगा आणि मुलगी असा भेद नाही. प्रत्यक्षात मात्र बहिणींनी हक्कसोडपत्रावर सही करावी, अशी अपेक्षा असते. जी करत नाही ती ‘वाईट’ ठरते, आणि भावाच्या मुलाच्या लग्नात तिची पत्रिका निघत नाही.

अशा वेळी थांबून विचारावयास हवे, की आत्या खरोखर कठीण आहे, की ती केवळ आपला वाटा मागते आहे? आपण ज्याला वगळतो आहोत, त्याने आपल्यावर अन्याय केला आहे, की आपण त्याच्यावर? हा प्रश्न कडू आहे. परंतु पत्रिका छापावयास देण्यापूर्वी तो विचारला गेला पाहिजे. आणि ‘सही करा, मग सन्मानाने बोलावतो’ असा निरोप तर कोणत्याही ख्रिस्ती घरातून जाऊ नये. लग्नाचे आमंत्रण ही सौद्याची वस्तू नव्हे. कोर्टातील दावा कोर्टात चालू द्यावा. त्यामुळे आत्याने भाच्याच्या डोक्यावर हात ठेवू नये, असे होत नाही.

माझ्या घरातील एक दार

आमच्या घरची एक गोष्ट सांगतो. माझ्या थोरल्या बहिणीच्या लग्नात अंगणात मांडव पडला होता. चाळीस पावलांवर माझ्या काकांचे घर होते. बांधावरून दोन भावांत बोलणे बंद झाले होते आणि काकांना आमंत्रण गेले नव्हते. दिवसभर ते दार बंद राहिले. बॅन्ड वाजत होता, पंगती उठत होत्या, आणि माझी बहीण पुन्हा पुन्हा त्या दाराकडे पाहत होती. लहानपणी पावसाळ्यात चिखलातून तिला खांद्यावर घेऊन शाळेत पोहोचवणारे तेच काका होते.

वडिलांचा राग अकारण होता, असे मी म्हणत नाही. रागावण्याजोगे खरोखरच घडले होते. पुढे अनेक वर्षांनी काकांच्या शवपेटीपाशी वडील उभे होते तेव्हा त्यांनी एवढेच म्हटले, ‘‘पोरीला विचारायला हवे होते.’’ मला आजही तेच खरे चुकलेले वाटते. भांडण वडिलांचे होते, लग्न बहिणीचे होते, आणि तिला कोणी विचारलेच नव्हते.

आपल्याकडे पत्रिका आईवडिलांच्या नावाने निघते, खर्चही पुष्कळदा तेच करतात. म्हणून यादीत त्यांचा शब्द असणे स्वाभाविक आहे. तथापि ज्यांची संमती वेदीसमोर घेतली जाणार आहे, त्यांचे मत या बाबतीत आधी ऐकले जावे. वडीलधाऱ्यांचे वैर हे लग्नाच्या आहेरात मुलांच्या हाती देण्याची गोष्ट नाही.

माझ्या हातून झालेली चूक

दुसरी गोष्ट सांगणे मला अधिक जड जाते. पौरोहित्याच्या सुरुवातीच्या वर्षांत एक तरुणी माझ्याकडे आली होती. एका जवळच्या नातलगाला लग्नाला बोलवायचे नाही, असे ती म्हणत होती. घरचे मात्र ‘लोक काय म्हणतील’ म्हणून अडून बसले होते. कारण काय, ते तिला सांगता येत नव्हते. मीही नीट विचारले नाही. क्षमेवर चार वाक्ये बोलून मी तिला म्हणालो, ‘‘मन मोठे कर, बोलाव त्यांना.’’ तिने ऐकले. लग्नाच्या दिवशी संमतीचे शब्द उच्चारताना तिचा आवाज फुटत नव्हता. सर्वांना ती लाज वाटली. तिच्या बालपणी त्या माणसाने तिच्याशी काय केले होते, हे मला काही वर्षांनी, तिने स्वतः भेटून सांगितल्यावर कळले. मी तिची क्षमा मागितली. तिच्या अनुमतीनेच, ओळख पटेल असे काहीही न सांगता, हे येथे लिहीत आहे.

त्या दिवसापासून मी एक गोष्ट धरून आहे. क्षमा, समेट आणि आमंत्रण या तीन वेगळ्या गोष्टी आहेत. क्षमा ही माझ्या अंतःकरणात परमेश्वरासमोर घडते. समोरचा माणूस बदलला नाही तरी, तो जिवंत नसला तरी, मी ती देऊ शकतो. समेटाला दोघे लागतात. त्यात एकाने चूक मान्य करावी लागते आणि दुसऱ्याला पुन्हा विश्वास वाटावा लागतो. आमंत्रण म्हणजे तर एका विशिष्ट दिवशी, विशिष्ट ठिकाणी एकत्र येणे. क्षमा केली म्हणून समेट झालाच असे नाही, आणि आमंत्रण नाही म्हणून क्षमा नाही असेही नाही.

पवित्र शास्त्र या बाबतीत आपल्यापेक्षा अधिक वास्तववादी आहे. उत्पत्तीच्या पुस्तकात याकोब आणि एसाव हे भाऊ वीस वर्षांच्या दुराव्यानंतर भेटतात, गळ्यात पडून रडतात. पण त्यानंतर काय होते? एसाव ‘बरोबर चल’ म्हणतो, आणि याकोब वेगळ्या वाटेने जातो. भेट खरी होती, अंतरही राहिले. योसेफाने भावांना क्षमा केली, परंतु ओळख देण्यापूर्वी ते बदलले आहेत की नाही, हे त्याने पुरेसे पारखून घेतले. संत पौलानेही रोमकरांस लिहिताना सर्वांशी शांततेने राहण्याचा उपदेश केला, तो ‘शक्य असेल तर, आणि आपल्याकडून होईल तितके’ अशा आशयाची मर्यादा घालूनच. सारा भार एकट्याच्या खांद्यावर नाही.

ख्रिस्तसभेचा कायदाही हेच सुचवितो. जोडीदारामुळे शरीरास वा आत्म्यास गंभीर धोका असेल, तर विवाहबंधनातील पतिपत्नींनाही वेगळे राहण्याचे योग्य कारण मिळते, असे कायदेपुस्तकाचे ११५३ वे कलम सांगते. जेथे पती वा पत्नीपासूनही दूर राहणे रास्त ठरते, तेथे आत्याचार करणाऱ्या नातलगाला मेजवानीस बोलावणे हे कर्तव्य कसे असेल? ज्याने अत्याचार केला, त्याला न बोलावण्यासाठी वधूने कोणालाही कारण देण्याची गरज नाही. आणि आज घरातील एखादे बालक अशा माणसाच्या सान्निध्यात असेल, तर प्रश्न पत्रिकेचा उरत नाही. लैंगिक गुन्ह्यांपासून बालकांचे संरक्षण अधिनियम, २०१२ प्रमाणे पोलिसांना कळविणे बंधनकारक आहे. १०९८ या क्रमांकावर बालसाहाय्य सेवाही उपलब्ध आहे.

निर्णयाची कसोटी

मग ठरवावे कसे? मी जोडप्यांना चार प्रश्न देतो आणि ते आधी स्वतंत्रपणे, नंतर दोघांनी एकत्र बसून सोडवावयास सांगतो.

१. ही दुखापत आहे की अपमान? अपमान बहुधा एका भेटीने विरघळतो; दुखापतीला वेळ लागतो.

२. हे भांडण माझे आहे, की मला वारशाने मिळाले आहे?

३. ही व्यक्ती समारंभ बिघडवील ही भीती कशावर आधारली आहे? पूर्वीच्या लग्नात, बारशाला वा दफनविधीच्या वेळी खरोखर काही घडले होते, की आपण केवळ कल्पना करतो आहोत?

४. न बोलावण्यामागे माझा हेतू कोणाचे रक्षण करण्याचा आहे, की कोणाला शिक्षा देण्याचा?

शेवटचा प्रश्न सर्वांत महत्त्वाचा. स्वतःचे, आईचे, एखाद्या लहानग्याचे रक्षण करण्यासाठी एखादे नाव वगळणे योग्य असू शकते. शंभर माणसांच्या देखत कोणाला खाली पाहावयास लावावे, यासाठी ते वगळले जात असेल, तर तो हेतू वेदीसमोर घेऊन जाऊ नये.

दोन टोकांमधील वाटा

बोलावणे आणि न बोलावणे एवढेच दोन पर्याय नसतात. केवळ चर्चमधील मिस्सेचे आमंत्रण देता येते. लग्नापूर्वी त्यांच्या घरी जाऊन आशीर्वाद घेता येतो, किंवा लग्नानंतर आठवड्याने त्यांना साधे जेवण घालता येते. विभक्त झालेल्या आईवडिलांना वेगवेगळ्या बाकांवर, मध्ये दोन-तीन समंजस नातलग ठेवून बसविता येते. त्यांनी एकत्र फोटो काढलाच पाहिजे, असा हट्ट नको.

एका माणसाच्या दोषासाठी त्याची सारी चूल वाळीत टाकू नये. काका दारू पिऊन गोंधळ घालतात म्हणून काकूने आणि चुलत भावंडांनी घरी बसावे, हा न्याय नव्हे. चूलबंद आमंत्रण शक्य नसेल, तर काकूला नावाने स्वतंत्र बोलवा.

बोलवायचे ठरले, तर आमंत्रण मनापासून द्या. अशा नातलगाला व्हॉट्सअ‍ॅपवर पत्रिका पाठवून मोकळे होऊ नये; घरी जावे, आणि ज्याच्यावर त्यांचा अजून जीव आहे अशा माणसास बरोबर न्यावे. अपेक्षा असेल ती तेथेच, नम्रपणे आणि स्पष्ट सांगावी. ‘‘काका, तुम्ही यावे अशी आमची मनापासून इच्छा आहे. त्या दिवशी जमिनीचा विषय कोणीही काढणार नाही, आम्हीही नाही.’’ दारूचा प्रश्न असेल तर एका जबाबदार भाच्याला किंवा जावयाला त्यांच्या सोबतीस नेमावे आणि परतीच्या गाडीची सोय आधीच करावी. टोस्टचा माइक कोणाच्या हाती जाईल, हे आयत्या वेळेवर सोडू नये.

न बोलवायचे ठरले, तरीही गुपचूप वगळू नका. तिऱ्हाइताकडून कळलेला नकार दुप्पट लागतो. जेथे सुरक्षिततेचा प्रश्न नाही, तेथे घरातील मोठ्याने भेटून वा दूरध्वनी करून थोडक्यात सांगावे, ‘‘या वेळी आम्हांला हे जमणार नाही, पुढे बोलू.’’ आरोपांची यादी वाचू नये. आणि एकदा घेतलेला निर्णय लग्नाच्या आदल्या रात्री बदलू नये. त्या वेळी मन थकलेले असते, आणि थकलेल्या मनावर जो शेवटी बोलेल त्याचा जोर चालतो.

आमंत्रण आपले, येणे त्यांचे

संत लूकच्या शुभवर्तमानातील उधळ्या पुत्राची कथा आपण नेहमी धाकट्यासाठी वाचतो. लग्नघराने ती थोरल्यासाठी वाचावी. घरात मेजवानी चालू आहे, आणि थोरला रागाने बाहेर उभा आहे. पिता पाहुण्यांना सोडून अंगणात येतो, त्याची समजूत घालतो. पुढे थोरला आत गेला की नाही, हे प्रभू येशूने सांगितलेले नाही. पित्याने आपले काम केले. आत येणे मुलाच्या हाती होते. तुम्ही बोलावले आणि ते आले नाहीत, तर ते अपयश तुमचे नव्हे. त्या रिकाम्या खुर्चीमुळे तुमचा आनंद कमी होऊ देऊ नका.

अशी काही अडचण तुमच्या घरात असेल, तर पत्रिका छापून आल्यावर नव्हे, तर तारीख ठरविण्यासाठी पहिल्यांदा याल तेव्हाच आपल्या धर्मगुरूंच्या कानावर घाला. दोन भावांमध्ये निरोप नेण्यासाठी पुष्कळदा आम्हांला जावे लागते, आणि त्यात आम्हांला कमीपणा वाटत नाही. सारेच वाद मिटतात असे नाही. परंतु कोणाला, का आणि कोणत्या मनाने बोलावले अथवा बोलावले नाही, हे वधूवरांना स्वच्छ ठाऊक असेल, तर त्यांना त्या दिवशी बंद दाराकडे पुन्हा पुन्हा पाहावे लागणार नाही.

काना गावच्या लग्नघरी आलेला प्रभू या हंगामातील प्रत्येक लग्नघरी येवो आणि दुरावलेल्यांनाही आपल्या शांतीचा वाटा देवो.